नकाशावरील रेषा

आम्ही गेलीं तीस वर्षें महाविद्यालयांत अर्थशास्त्र शिकवीत आहों. आफ्रिकेच्या व्यापाराचा विषय निघाला कीं आमचें एक वाक्य ठरलेलें असे : "ज्या देशास समुद्र नाहीं, त्याचें दैवच फुटकें." विद्यार्थी तें मुकाट्यानें उतरून घेत.

परवां आफ्रिकेचा नकाशा टांगला असतां मागच्या बाकावरील एका मुलीनें विचारलें, "सर, बहुतेक रूळ खाणींपासून बंदरांकडेच कां जातात? शेजाऱ्यांस एकमेकांकडे जावयाचें नसतें काय?" आम्ही निरुत्तर झालों.

घरीं येऊन जुनीं टिपणें काढलीं. झांबियाचें तांबें ऱ्होडेशियामार्गें समुद्रास जात असे. १९६५ सालीं तेथील गोऱ्या सरकारनें एकतर्फी स्वातंत्र्य पुकारलें, १९७३ सालीं सरहद्द बंद झाली, आणि झांबियाचा जीव टांगणीस लागला. चीनच्या साहाय्यानें १९७० ते १९७५ या अवधींत दार-एस-सलामपर्यंत सुमारें १,८६० किलोमीटरचा ताझारा लोहमार्ग झाला. पण त्याच्या रुळांची रुंदी १,०६७ मिलिमीटर, तर टांझानियाच्या जुन्या मार्गाची १,०००! एकाच शहरांत दोन मार्ग आले, पण एकावरची गाडी दुसऱ्यावर जाईना. माल उतरावा आणि पुन्हा चढवावा.

समुद्र नसणें ही अडचण खरीच. पण रुळांची दिशा कांहीं दैवानें ठरविली नाहीं. ज्यांनीं पहिले रूळ टाकले, त्यांस कच्चा माल बाहेर न्यावयाचा व तयार माल आंत आणावयाचा होता. शेजाऱ्यांची गांठ घालून देण्यांत त्यांचा लाभ नव्हता. म्हणूनच आजही झांबियाहून मुख्यतः तांबें बाहेर जातें, आणि यंत्रें व मोटारी आंत येतात. तांब्याचा भाव पडला कीं राज्याचा जमाखर्च डळमळतो.

मात्र माणसानें घातलेली गांठ माणसास सोडवितां येते. झांबेझीवरील चिरुंडू येथें मालमोटारींची तपासणी दोन्ही तीरांवर वेगवेगळी होई, व मोटारवाले दिवसचे दिवस खोळंबत. २००९ सालीं झांबिया व झिंबाब्वे यांनीं तेथें एकत्र तपासणी सुरू केली, आणि खोळंबा पुष्कळ कमी झाला. २०१८ सालीं किगाली येथें खंडव्यापी मुक्त व्यापाराचा करार झाला. १ जानेवारी २०२१ पासून त्याखालीं व्यापारास आरंभ झाला. करार कागदावरून नाक्यानाक्यावर किती उतरतो, यावर सारें अवलंबून आहे.

दुसऱ्या दिवशीं आम्हीं वर्गास तें ठरलेलें वाक्य खोडावयास सांगितलें. मुलांनीं खोडलें. पण तीस वर्षांत जीं मुलें तें बरोबर घेऊन गेलीं, त्यांच्या वह्या आतां कोठें शोधाव्या?