कोन आणि कोण

कोनांच्या नावांकडे आम्ही भाषेचे लोक सहसा फिरकत नाही. तो प्रांत गणिताच्या शिक्षकांचा, असे मानून मोकळे होतो. वास्तविक ही नावे म्हणजे पाहण्याच्या निरनिराळ्या तऱ्हा आहेत.

युक्लिडच्या ग्रीकमध्ये काटकोनाहून लहान कोन 'तीक्ष्ण' आणि मोठा कोन 'बोथट' ठरतो. लॅटिनमधून इंग्रजीत गेलेल्या संज्ञांचा मूळ अर्थही हाच. त्या भाषांची नजर कोनाच्या टोकावर खिळली. मराठीने मात्र दोन भुजांमधल्या विस्ताराकडे पाहिले आणि 'लघुकोन', 'विशालकोन' म्हटले. 180 अंशांच्या पलीकडे गेलेल्या कोनासाठी इंग्रजीने 'मागे वळलेला' या अर्थाचा शब्द घेतला. मराठीने केवळ 'प्र' हा उपसर्ग लावून 'प्रविशाल' केले. विस्ताराची कल्पना तिने शेवटपर्यंत सोडली नाही. अर्थात प्रत्येक शब्द काही दाखवतो, तसे काही झाकतोही. भुजा लांब काढल्या की कोन मोठा होतो, असे अनेक मुलांना वाटते; 'विशाल' हा शब्द त्या समजुतीला आळा घालत नाही. 'बोथट' कदाचित घालील.

हा केवळ शब्दविलास नव्हे, हे आम्हांला एका मुलीमुळे उमगले. आमच्या एका सहकाऱ्यांची भाची मध्य प्रदेशातल्या हिंदी माध्यमाच्या शाळेतून इकडे मराठी शाळेत आली. चाचणीत 40 अंशांच्या कोनाचा पूरक कोन विचारला होता. तिने 50 लिहिले. उत्तरावर लाल फुली पडली, कारण अपेक्षित उत्तर 140 होते. आपल्याला गणित येत नाही, असे तिने ठरवून टाकले.

तिला गणित उत्तम येत होते. हिंदीत बेरीज 90 होणारे कोन 'पूरक' आणि 180 होणारे 'संपूरक'. मराठीत 90 चे 'कोटिकोन' आणि 180 चे 'पूरक'. शब्द तोच, लिपी तीच, अर्थ दुप्पट! दोन्ही पाठ्यपुस्तके शेजारी ठेवून आम्ही तिला हे दाखवले, तेव्हा ती बराच वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, "म्हणजे मी बरोबर होते, फक्त तिकडे."

'कोटि' हा शब्दही साधा नाही. भारतीय गणितातल्या 'कोटिज्ये'शी त्याचे नाते आहे. 90 अंश पुरे करण्याचा भाव त्यात प्राचीन काळापासून आहे. मराठीने तो जपला, ही अभिमानाची गोष्ट खरीच. पण परिभाषा हा एका भाषेच्या माणसांनी आपसांत केलेला करार असतो. बाहेरून येणाऱ्याला तो वाचून दाखवणे हे भाषा शिकवणाऱ्यांचेही काम आहे.

हिंदीत 'कोण' म्हणजे आपला 'कोन'. मराठीत 'कोण' हा प्रश्न आहे. उत्तर तपासताना तो आधी विचारावा: लिहिणारे कोण, आणि कोणत्या भाषेतून आलेले?