शनिवारवाडा ते कन्हेरसर

शनिवारवाड्याच्या दिल्ली दरवाजापाशी शाळेच्या सहलींची झुंबड असते. नारायणरावांच्या खुनाची गोष्ट मुलांना तिखटमीठ लावून ऐकवली जाते. सप्टेंबर 1989 ची गोष्ट मात्र कोणी काढत नाही. तेव्हा याच पटांगणात टेल्कोचे (आजच्या टाटा मोटर्सचे) हजारो कामगार आपले नेते राजन नायर यांच्यासह उपोषणाला बसले होते. कंपनीने नायर यांना कामावरून काढलं होतं, रतन टाटा नुकतेच अध्यक्षपदी आले होते. भांडण पगाराचं होतंच, पण कामगारांच्या वतीने बोलणार कोण, याचंही होतं. महिनाअखेरीला रात्रीच्या वेळी पोलिसांनी वेढा घातला आणि उपोषणकर्त्यांना गाड्यांत भरून नेलं. संपाचा कणाच मोडला.

जवळच कसबा पेठेत मेट्रो मिळते. जमिनीखालून निघालेली गाडी खडकीच्या अलीकडे वर येते. खडकीचा दारूगोळा कारखाना 1869 चा. संरक्षण कामगारांचं नेतृत्व करणारे एस. एम. जोशी 1967 मध्ये पुण्यातून लोकसभेवर निवडून गेले. कामगारांचा पुढारी थेट दिल्लीला जाऊ शकतो, हे या भागाने तेव्हा पाहिलं होतं.

दापोडी, कासारवाडी मागे टाकत मी संत तुकारामनगरला उतरलो. पेनिसिलिन बनवण्यासाठी 1954 मध्ये सुरू झालेली सरकारी हिंदुस्थान अँटिबायोटिक्स इथलीच. आजही लोक या भागाला ‘एचए’ म्हणतात. पुढे आकुर्डीत बजाज आली. 1962 मध्ये एमआयडीसी स्थापन झाली, टेल्को आली, आणि पिंपरी, चिंचवड, आकुर्डी, भोसरी या गावांची मिळून 1970 मध्ये नगरपालिका झाली. 1982 मध्ये तिची महानगरपालिका झाली.

त्याच 1982 च्या जानेवारीत मुंबईत गिरणी संप सुरू झाला. तो फसला, तरी 1984 मध्ये संपाचे नेते दत्ता सामंत लोकसभेवर निवडून आले. त्याआधी 1957 मध्ये गिरणी कामगारांचेच पुढारी श्रीपाद अमृत डांगे गेले होते. गिरणगावात भोंगा, चाळ, युनियनचं ऑफिस आणि मतदारसंघ हाकेच्या अंतरावर. इथे तसं जमून आलं नाही. मराठवाड्यातून, सोलापूर-साताऱ्याकडून आलेला कामगार गावठाणात खोली घेऊन राहिला, कंपनीच्या बसने कामावर गेला आणि मतदानाला बरेचदा गावी गेला. जमिनी गावकऱ्यांच्या, चाळी गावकऱ्यांच्या, त्यामुळे पालिकेची सत्ताही त्यांच्याकडे गेली. ज्याच्या खोलीत भाड्याने राहायचं, त्याच्याविरुद्ध निवडणुकीला उभं कसं राहणार? कामगारांच्या जिवावर उभ्या राहिलेल्या या शहरात कामगार भाडेकरूच राहिला.

म्हणून इथली युनियन बहुधा कंपनीपुरती. आयटक, सिटू, इंटक, भारतीय मजदूर संघ सगळे आहेत, पण ‘अंतर्गत युनियन’ हा या पट्ट्याचा खास प्रकार. कोणत्याही पक्षाला न बांधलेली, आपल्याच पर्मनंट कामगारांनी चालवलेली. तिचं बळ तीन-साडेतीन वर्षांच्या करारात दिसतं. राजकारणाची बाधा नाही, हा तिचा अभिमान आणि तीच तिची मर्यादा.

आकुर्डीच्या बजाजमध्ये 2007 मध्ये गाड्यांचं उत्पादन थांबलं. कारखानदारी चाकणकडे सरकली होती, म्हणून मीही भोसरीहून चाकणची पीएमपी धरली. मोशी ओलांडून इंद्रायणीच्या पुलावर आलो, तोवर कंटेनरांच्या रांगेत बस अडकली होती.

चाकणचा भुईकोट म्हणजे संग्रामदुर्ग. जून ते ऑगस्ट 1660 मध्ये फिरंगोजी नरसाळ्यांनी शायिस्ताखानाविरुद्ध तो जवळजवळ दोन महिने झुंजवला. बरोबर त्याच पावसाळी महिन्यांत, 2013 मध्ये, चाकणजवळच्या महाळुंग्याच्या बजाज कारखान्यात पन्नास दिवस संप चालला. विश्व कल्याण कामगार संघटनेच्या दिलीप पवारांची मागणी जगावेगळी होती: प्रत्येक कामगाराला कंपनीचे 500 शेअर, एक रुपया दराने. नुसती मजुरी वाढवून द्या असं नाही, मालकीतही वाटा द्या. कंपनीचे प्रमुख राजीव बजाज यांनी ती साफ नाकारली. ऑगस्टमध्ये संप मागे घेऊन कामगार आत गेले.

एमआयडीसीत एका गेटबाहेर करार झाल्याचा फ्लेक्स होता. समितीच्या सदस्यांचे फोटो, वर ‘ऐतिहासिक पगारवाढ’, खाली रस्त्यावर सुकलेला गुलाल. समोरच्या टपरीवर सेकंड शिफ्टची पोरं वडापाव खात होती. लातूरकडच्या एकाला विचारलं, ‘‘दादा, तुम्हालाही वाढ मिळाली का?’’

‘‘नाही काका, ते पर्मनंटचं. आम्ही ठेकेदाराकडं. त्यानं पगार वेळेत दिला तरी पुष्कळ झालं.’’ त्याच्या सोबत्याच्या डाव्या हाताचं तर्जनीचं पेर प्रेसमध्ये गेलं होतं. त्याबद्दल तो काही बोलला नाही, चहा उजव्या हाताने घेतला.

चाकणप्रमाणेच कन्हेरसरही खेड तालुक्यातलं. राजगुरुनगरच्या पूर्वेला, यमाईचं देऊळ असलेलं गाव. परिसरातली बरीच जमीन खेडच्या सेझमध्ये गेली. नारायण मेघाजी लोखंडे यांचं हे मूळ गाव. जोतीराव फुल्यांचे सहकारी, ‘दीनबंधू’चे संपादक. 1884 मध्ये त्यांनी मुंबईच्या गिरणी कामगारांची संघटना बांधली आणि साडेपाच हजार सह्यांचं निवेदन दिलं. मागण्या अशा: रविवारी सुट्टी, दुपारी अर्धा तास विश्रांती, मागच्या महिन्याचा पगार पंधरा तारखेच्या आत, आणि कामावर जखमी झाल्यास बरं होईपर्यंत पगार. रविवारची सुट्टी 1890 मध्ये पदरात पडली.

नोव्हेंबर 2025 मध्ये देशात चार नव्या कामगार संहिता लागू झाल्या, 29 जुने कायदे त्यांत विलीन झाले. त्यांच्यावर चर्चा होईल, मोर्चेही निघतील. पण टपरीवरच्या त्या दोघांसाठी नवं मागणीपत्र लिहायची गरज नाही. पगार वेळेत आणि जखमेची भरपाई, ही दोन कलमं याच तालुक्यातल्या माणसाने 1884 मध्येच लिहून ठेवली आहेत. आता प्रश्न एवढाच, की त्यावर त्यांच्या वतीने सही कोणती युनियन करणार?