मसुरीचा चुनखडक

डेहराडूनहून मसुरीस चढतांना डोंगराच्या अंगावरील खाणींचे पांढुरके ओरखडे आम्हांस दिसले. हा चुनखडक पावसाचें पाणी भेगांतून पोटांत सांठवितो आणि झऱ्यांवाटे खोऱ्यास पुरवितो. सुरुंगांनीं तेंच पोट फुटूं लागलें, तेव्हां डेहराडूनच्या एका संस्थेनें १९८३ सालीं सर्वोच्च न्यायालयास पत्र धाडलें. न्यायालयानें तें अर्ज म्हणून दाखल केलें. १२ मार्च १९८५ च्या हुकुमानें अनेक खाणी बंद झाल्या. पट्टेदारांची हानि न्यायालयानें अमान्य केली नाहीं. लोकांच्या निरोगी जीवनासाठीं तेवढें मोल द्यावेंच लागेल, असें म्हटलें. बेकार होणाऱ्या मजुरांस शक्यतों वृक्षारोपणाचें काम द्यावें, असेंही सुचविलें. पाण्याबरोबर मजुराच्या चुलीचीही आठवण ठेवणारा हा निकाल वाचकांनीं घरांतील मुलांस अवश्य सांगावा.