जुन्या गाण्याचा नवा गळा

एमा कर्कबीला गायिका व्हायचंच नव्हतं असं म्हटलं तर अतिशयोक्ती होईल. पण गाण्यावर पोट चालेल हे तिच्या ध्यानीमनी नव्हतं, एवढं नक्की. १९४९ साली इंग्लंडमधल्या सरे परगण्यात जन्मलेली ही मुलगी ऑक्सफर्डच्या समरव्हिल कॉलेजात ग्रीक आणि लॅटिन शिकली आणि शाळेत शिक्षिका झाली. गाणं होतं ते हौसेचं. ऑक्सफर्डच्या स्कोला कँटोरम या गायकवृंदात आणि चार समविचारी मित्रांच्या संगतीत ती गायची. तिच्या आवाजाकडे पाहून तिला ऑपेराच्या रंगमंचावर जा, असा सल्ला कुणी दिला असता तर तो वेडगळच ठरला असता.

कारण ऑपेराला तेव्हा लागत होता तो आवाज वेगळा. न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन ऑपेरात पावणेचार हजारांच्या आसपास माणसं बसतात. समोर खड्ड्यात ऐंशी-नव्वद वादक, पोलादी तारांची व्हायोलिनं, पितळी वाद्यांचा ताफा. आणि हे सगळं ओलांडून, मायक्रोफोनशिवाय, गायिकेचा स्वर शेवटच्या रांगेपर्यंत पोचला पाहिजे. वॅग्नर, वेर्दी, पुच्चिनी यांनी हा गळा मागितला आणि संगीतशाळांनी तो घडवला. भरदार, गोल, सतत कंप असलेला. ज्या मुलीचा आवाज बारीक, तिला मोलकरणीच्या खट्याळ भूमिका तरी मिळायच्या, नाहीतर कोरसमधली जागा. अठराव्या शतकातला हँडेल गायचा झाला तरी तो याच गळ्यानं गायला जाई. त्यात कुणाला काही खटकत नव्हतं, आणि त्यातलं कित्येक गाणं उत्तम होतं हेही कबूल केलं पाहिजे.

खटकू लागलं ते वाद्यवाल्यांना. १९७३ च्या आसपास लंडनमध्ये काही तरुण मंडळी एकत्र आली. क्रिस्टोफर हॉगवुडनं ‘अकॅडमी ऑफ एन्शंट म्युझिक’ काढली, अँड्र्यू पॅरटनं टॅव्हर्नर क्वायर, ट्रेव्हर पिनॉकनं ‘इंग्लिश कॉन्सर्ट’. ल्यूट वाजवणारा अँथनी रूली आपल्या ‘कन्सॉर्ट ऑफ म्युझिक’सह त्याआधीच कामाला लागला होता. आतड्याच्या तारा, जुन्या घाटाचे गज, एखादीच चावी असलेली लाकडी बासरी, हार्प्सिकॉर्ड. ही वाद्यं वाजू लागली की पहिली गोष्ट कानाला जाणवते ती त्यांचा खालचा सूर. आजच्या वाद्यवृंदाचा ‘ए’ म्हणजे ४४० कंपनं. आपल्या पेटीवरची पांढरी सहा. बरोक म्हणजे सतराव्या-अठराव्या शतकातलं संगीत वाजवणाऱ्या या मंडळींनी सोयीसाठी ४१५ धरला, म्हणजे काळी चार. फ्रेंच संगीत वाजवताना ३९२ पर्यंतही उतरतात. ती झाली पांढरी पाच. स्वरलिपीत ‘ए’ तोच लिहिलेला, पण गळ्याला तो आज इथे तर उद्या तिथे लावायचा. या क्षेत्रातल्या सोप्रानोला, म्हणजे उंच स्वराच्या गायिकेला, एका आठवड्यात तिन्ही पट्ट्यांतून जावं लागू शकतं. ज्यांच्या कानात स्वर जागच्या जागी ठोकून बसवलेले असतात, त्यांचे यात फार हाल होतात.

अशा वाद्यांशेजारी भरदार कंपाचा गळा उभा केला की वाद्यं बिचारी दिसेनाशी होतात. आतड्याच्या तारेचा स्वर लवकर विरतो, त्याला उच्चार असतो, जवळजवळ व्यंजनं असतात. त्याच्या जोडीला सरळ, स्वच्छ, शब्द न गिळणारा आवाज हवा होता. तो संगीतशाळांच्या वर्गांत सापडला नाही. तो हौशी गायकवृंदात, ग्रीक-लॅटिन शिकलेल्या एका शिक्षिकेकडे सापडला.

कर्कबीचा आवाज ऐकताना प्रथम लक्षात येतो तो त्याचा सरळपणा. ती स्वर लावते आणि तो तसाच धरते. कंप येतो तो पुढे, सजावट म्हणून, हवा तेव्हा. दुसरी गोष्ट शब्द. भाषांचा अभ्यास फुकट गेला नाही. इटालियन असो की सोळाव्या-सतराव्या शतकातलं इंग्रजी, वाक्याचा जोर कुठे पडतो हे तिला ठाऊक असतं आणि चाल त्या जोराच्या मागून जाते.

पॅरटच्या चमूबरोबर १९८१ मध्ये तिनं संगीतकार पर्सेलच्या ‘डायडो अँड एनियस’ या ऑपेरातली डायडो ध्वनिमुद्रित केली. ही कार्थेजची राणी तोवर कर्स्टन फ्लॅगस्टाड आणि जॅनेट बेकर यांच्या गळ्यातून जगाला माहीत होती. म्हणजे खरोखरीची राणी, वयानं आणि दुःखानं वाकलेली. कर्कबीची डायडो तरुण आहे. शेवटच्या विलापात खालची बासची चाल अर्ध्या-अर्ध्या स्वरानं उतरत जाते आणि हे आवर्तन अकरा वेळा फिरतं. वर गायिका आपली आठवण ठेवण्याची विनवणी करते, ती एकाच स्वरावर, त्याच त्या अक्षरांनी, जणू तिला दुसरं काही सुचत नाही. आणि मग एकदम वरच्या षड्जावर उडी. मोठ्या गळ्याची गायिका त्या उडीत सगळा जीव ओतते. कर्कबी तिथे पोचते आणि फारसं काही करत नाही. पहिल्यांदा ऐकणाऱ्याला हे कोरडं वाटतं. तिसऱ्या-चौथ्यांदा ऐकलं की खाली उतरणारा बास ऐकू येऊ लागतो आणि कळतं की रडण्याचं काम पर्सेलनं त्याच्याकडे सोपवलं आहे. हा ऑपेरा १६८९ च्या सुमारास चेल्सीतल्या एका मुलींच्या शाळेत झाला होता, हे आठवलं तर तो तरुण आवाज फारसा आगाऊही वाटत नाही.

पण म्हणून १६८९ मध्ये असंच गात होते का? इथे खरी गंमत आहे. कर्कबीचा आवाज लोकांना ‘अस्सल जुना’ वाटला. कित्येकांच्या लेखी बरोक म्हणजे तोच आवाज, असं समीकरण झालं. वास्तविक तो आवाज नवा होता. त्याला घर मिळालं ते राजवाड्यात नव्हे तर रेकॉर्डिंग स्टुडिओत. ‘लॉइझो-लिर’ या डेकाच्या शाखेनं हॉगवुडनं केलेला हँडेलचा ‘मेसाया’ १९८० मध्ये काढला; १७५४ सालच्या फाउंडलिंग हॉस्पिटलमधल्या प्रयोगाबरहुकूम, ऑक्सफर्डच्या क्राइस्ट चर्चच्या मुलांचा कोरस घेऊन, आणि कर्कबी व जुडिथ नेल्सन या दोन सोप्रानोंसह. पाठोपाठ हायपेरियन ही छोटी कंपनी आली. तिचा मालक टेड पेरी हा पैसे उभे करायला भाड्याची टॅक्सी चालवणारा माणूस. बाराव्या शतकातल्या हिल्डेगार्ड या जोगिणीच्या रचनांची त्याची तबकडी इतकी खपली की कंपनी तरली. त्या तबकडीवरही कर्कबी होती. हिल्डेगार्ड बरोकच्या पाचशे वर्षं आधीची, हा भाग अलाहिदा. जो आवाज मेट्रोपॉलिटनच्या शेवटच्या रांगेत पोचला नसता, तो मायक्रोफोननं हजारो घरांच्या बैठकीत नेला. जुन्या काळाशी इमान राखणाऱ्या चळवळीचा सगळ्यात मोठा आधार विसाव्या शतकातलं यंत्र होतं, ही गोष्ट त्या चळवळीतल्या लोकांनी फारशी मोठ्यानं बोलून दाखवली नाही.

शिवाय अठराव्या शतकातल्या खऱ्या सोप्रानो अशा सात्त्विक नव्हत्याच. हँडेलची फ्रान्चेस्का कुत्सोनी १७२३ मध्ये लंडनच्या रंगमंचावर आली. ‘ओट्टोने’ या ऑपेराच्या तालमीत तिनं आपली पहिली एरिया, म्हणजे एकटीनं गायचं गाणं, गायला नकार दिला. चाल साधी, साथीला नुसता बास. यात मी काय दाखवू, हा तिचा सवाल. हँडेलनं तिची कंबर धरून तिला खिडकीबाहेर फेकण्याची धमकी दिली, असं त्याच्या पहिल्या चरित्रकारानं लिहून ठेवलं आहे. बाईंनी मुकाट्यानं ती एरिया गायली आणि त्याच एरियानं लंडन जिंकलं. दोन वर्षांनी ‘रोदेलिंदा’त तिनं नेसलेला चंदेरी कलाबतूचा तपकिरी रेशमी झगा शहरातल्या तरुणींनी उचलला. मग १७२६ मध्ये फाउस्तिना बोर्दोनी आली, दोघींचे भक्त झाले, आणि ६ जून १७२७ च्या रात्री राजघराण्यातल्या कॅरोलाइनच्या देखत शिट्ट्या-आरोळ्यांनी खेळाचा विचका झाला. गंधर्व नाटक मंडळीच्या काळातल्या रसिकांनाही हा प्रकार समजला असता.

लहान आवाजाच्या बाजूनं साक्ष द्यायला मात्र एक बाई आहे. ‘मेसाया’चा पहिला प्रयोग १३ एप्रिल १७४२ रोजी डब्लिनला झाला. दाटी इतकी व्हायची होती की स्त्रियांनी घेरदार झगे आणि पुरुषांनी तलवारी घरी ठेवाव्यात अशी विनंती केली गेली होती. त्यात दुःखाच्या एरिया गायल्या सुसाना सिबर हिनं. ती सोप्रानोही नव्हे आणि धड गायिकाही नव्हे. ती नटी होती. आवाज सुतासारखा, संगीताचं ज्ञान बेताचं, असं इतिहासकार बर्नीनं लिहिलं आहे, आणि तरीही ऐकणारे हेलावले होते. हँडेलला ते चालत होतं. कुत्सोनीही चालत होती. त्याच्यापुढे जो गळा असे त्याच्या मापानं तो कपडा शिवायचा.

मापानं शिवलेल्या त्या कपड्यावर वेलबुट्टी गायिकेनं काढायची असे. बरोक एरियाचा घाट आपल्याकडच्या श्रोत्याला पटकन कळतो: पहिला भाग, मग वेगळ्या भावाचा दुसरा, आणि पुन्हा पहिला, अस्ताई, अंतरा आणि परत अस्ताई. परतीच्या वेळी कागदावर काहीच नवं नसतं. तिथे हरकती, मुरक्या, ताना गायिकेच्या. पिएर फ्रान्चेस्को तोसीनं १७२३ च्या आपल्या ग्रंथात अपेक्षा मांडली आहे की परतीला जो चाल पालटून अधिक सुंदर करू शकत नाही तो मोठा गायक नव्हे. आजच्या सोप्रानो या हरकती बहुधा आधी लिहून, घोटून, पाठ करून येतात. आयत्या वेळी सुचलं असं भासवायचं, पण पावलं मोजलेली. ख्याल ऐकलेल्या कानाला हे जरा जपून चालल्यासारखं वाटतं. हँडेलनं स्वतः ‘ओट्टोने’च्या काही एरियांसाठी लिहून दिलेल्या हरकती उपलब्ध आहेत, त्या पाहिल्या की तो फार संयमी होता हे दिसतं, आणि आजचे पुष्कळजण त्याच्यापेक्षा जास्त करतात हेही.

‘पोरगेला आवाज’, ‘बिनरंगाचा आवाज’ असे शेरे कर्कबीनं पुष्कळ झेलले. पण २००७ मध्ये बीबीसी म्युझिक मॅगझिननं समीक्षकांकडून सर्वश्रेष्ठ सोप्रानोंची यादी करवली तेव्हा मारिया कॅलस पहिली आली आणि त्याच यादीत कर्कबी दहावी. त्याच वर्षी ती ‘डेम’ झाली. शंभरावर ध्वनिमुद्रणं तिच्या नावावर आहेत. ऑपेराचं घर मात्र तिचं कधी झालं नाही. या वाटेवरच्या सोप्रानोला ऑपेरागृहाची बांधलेली नोकरी क्वचितच असते. ईस्टरच्या आधी बाखची पॅशन, डिसेंबरात ‘मेसाया’, उन्हाळ्यात महोत्सव, मधल्या काळात ल्यूटच्या साथीनं एखाद्या छोट्या दिवाणखान्यात मैफल, आणि शिकवणं. बिदागी ठरते ती कार्यक्रमागणिक. घसा बसला की ती गेली.

पुढच्या पिढीनं कर्कबीचा सरळ स्वर तसाच ठेवला नाही. फ्रान्सची सान्द्रिन पियो आधी हार्प शिकलेली, बरोक संगीताचा संचालक विल्यम क्रिस्टी याच्या संगतीत गायिका झालेली. तिच्या गळ्यात फ्रेंच शब्दांची चमक वेगळी. आणि २००५ मध्ये इंग्लंडमधल्या ग्लाइंडबोर्न ऑपेरा महोत्सवात हँडेलचा ‘जुलिओ चेझारे’ झाला तो पाहण्याजोगा. कुत्सोनीसाठी १७२४ मध्ये लिहिलेली क्लिओपात्रा, आठ एरियांची दांडगी भूमिका, श्रीलंकेत मुळं असलेल्या ऑस्ट्रेलियन घरातल्या डॅनिएल द नीजनं केली. आणि दिग्दर्शक डेव्हिड मॅकव्हिकरनं तिला चक्क बॉलिवूडच्या धर्तीवर नाचवलं. दम न लागता तानाही घ्यायच्या आणि कंबरही हलवायची. नाकं मुरडणाऱ्यांनी मुरडली. बघ्यांनी डोक्यावर घेतलं. हँडेलच्या प्रेक्षकांना यंत्रांवरून उतरणारे देव आणि सजवलेले रथ लागत होते, हे लक्षात घेतलं तर त्यांनाही फार वावगं वाटलं नसतं.

मुंबईतून या जगात गेलेला एक आवाज म्हणजे पॅट्रिशिया रोझारियो. गोव्याकडची मुळं, मुंबईत जन्म, लंडनला शिक्षण. जॉन टॅव्हनर या संगीतकारानं तिच्यासाठी कितीतरी रचना केल्या. पिनॉकच्या ‘इंग्लिश कॉन्सर्ट’बरोबर तिनं हायडनचा ‘स्ताबात मातेर’ गायला आहे. हायडन बरोक नव्हे, पण वाद्यं त्याच जातीची. पती मार्क ट्रूप यांच्यासह ती ‘गिव्हिंग व्हॉइस टू इंडिया’ या उपक्रमातून भारतात येऊन मुलामुलींना गायला शिकवते.

जुनं गाणं खरोखर नव्यानंच गावं लागतं, याचा एक स्वच्छ दाखला २००१ मध्ये मिळाला. लंडनच्या रॉयल अकॅडमी ऑफ म्युझिकच्या ग्रंथालयात पडून असलेली सोप्रानोसाठीची एक ‘ग्लोरिया’ हँडेलच्या तरुणपणीची आहे असं अभ्यासकांनी ओळखलं. तिला परंपराच नव्हती: कोणत्या गुरूनं कशी गायली, कुठली तबकडी गाजली, काही नाही. अकॅडमीच्याच विद्यार्थ्यांचा बरोक वाद्यवृंद घेऊन लॉरेन्स कमिंग्सनं ती ध्वनिमुद्रित केली आणि गायला बोलावलं बावन्न वर्षांच्या कर्कबीला. त्याच वर्षी जॉन इलियट गार्डिनरच्या हाताखाली गिलियन कीथनंही ती गायली. कागद एकच, गळे दोन. शेजारी शेजारी लावून पाहाव्यात. हँडेलनं कशी ऐकली असेल यावर दोन रसिक मित्रांचं एक संध्याकाळभर भांडण सहज चालू शकतं.