स्वभावाला जागा

स्लाइम रँचर या व्हिडिओ गेममध्ये कुठल्याही प्राण्याला काहीही शिकवता येत नाही. पृथ्वीपासून हजार प्रकाशवर्षं दूर, फार फार रेंज नावाच्या मुलखात, बिएट्रिक्स लबो ही तरुणी आधीचा मालक सोडून गेलेली एक वाडी चालवायला घेते. तिथे गुरं नाहीत, स्लाइम आहेत: लिबलिबीत, टणाटण उड्या मारणारे, सदा हसऱ्या तोंडाचे गोळे. त्यांना खाऊ घातलं की ते प्लॉर्ट नावाचे चकचकीत खडे टाकतात. ते बाजारात विकायचे आणि आलेल्या पैशांतून वाडी वाढवायची. कॅलिफोर्नियातल्या मोनोमी पार्क या छोट्या कंपनीने हा खेळ २०१७ च्या ऑगस्टमध्ये पूर्ण स्वरूपात बाजारात आणला. दिसायला तो अगदी बाळबोध आहे. पण जीव सांभाळणं म्हणजे काय, याचा इतका नेटका विचार मला फार थोड्या ठिकाणी भेटला.

सुरुवातीचे गुलाबी स्लाइम गरीब असतात. मिळेल ते खातात, कुठेही राहतात. खरा खेळ सुरू होतो तो अवघड जाती आल्यावर. फॉस्फर स्लाइम निशाचर. त्याला पंख असतात, आणि उन्हात ठेवला तर तो विरून जातो. बूम स्लाइम थोड्या थोड्या वेळाने फुटतो आणि आजूबाजूच्यांना उडवून देतो. रॅड स्लाइमभोवती किरणोत्साराचं वलय असतं. त्यात रेंगाळलं की आपल्यालाच बाधतं. पडल स्लाइम पाण्याचाच. त्याला तळं लागतं, आणि तळ्यात फार गर्दी झाली तर तो लाजतो आणि प्लॉर्ट देणं थांबवतो. त्याच्या अगदी उलट फायर स्लाइम. पाणी लागलं की तो संपतो. त्याचं पोट राखेवर भरतं, म्हणून भट्टीत अन्न जाळून राख तयार ठेवावी लागते. आणि सगळ्यांत चकवा देणारा क्वांटम स्लाइम. तो स्वतःच्या छाया सभोवार टाकत राहतो, आणि भुकेने किंवा त्रासाने बिथरला की कुंपणाबाहेरच्या छायेच्या जागी जाऊन उभा राहतो. त्याच्यासाठी भिंत कितीही उंच बांधली तरी ती निरुपयोगी.

माझी भाची सुट्टीत माझ्याकडे सिल्वाशाला आली की आम्ही दोघी मिळून हा खेळ खेळतो. क्वांटम स्लाइम पहिल्यांदा पळाला तेव्हा ती वैतागून म्हणाली, "मावशी, हा ऐकतच नाही गं!" मग तिने त्याला दटावायचं, धाक दाखवायचं काही साधन मिळतंय का, ते शोधलं. पण या खेळात चाबूक नाही आणि शिक्षाही नाही. मिळतात त्या साऱ्या वस्तू वाडग्यात, म्हणजे स्लाइम ठेवायच्या कुंपणात, बसवायच्या: उंच भिंत, वरची हवाई जाळी, ऊन अडवणारं छत, वेळेवर अन्न टाकणारं यंत्र, अस्वस्थ जिवाला शांत करणारी संगीतपेटी. फॉस्फर उन्हात टिकायला शिकत नाही, त्याच्यावर सावली धरावी लागते. क्वांटमला थांब म्हणता येत नाही, त्याला पळून जावंसं वाटणार नाही इतकं पोटभर आणि निवांत ठेवावं लागतं. स्वभावाला औषध नसतं असं आपण हात टेकून म्हणतो. इथे तिथूनच कामाला सुरुवात होते. प्राणी आहे तसाच राहणार; बदलायचं ते आपलं आवार.

आपल्याकडे सांभाळणाऱ्याचं कौतुक होतं ते बहुधा त्याने कुणाला तरी वठणीवर आणलं म्हणून. द्वाड पोर, मारकी गाय, हट्टी म्हातारा, असा कुणीही असो. तो नमला की आपल्याला यश आल्यासारखं वाटतं. शिकवण्यावर माझा विश्वास नाही असं नाही. मुलं शिकतात, बैलही शिकतो. पण जिवाला भूक, भीती, उजेड किंवा गोंगाट सतत टोचत असेल तर शिकवण आत उतरत नाही, तिथे नुसता धाक बसतो. म्हणून त्रास देणाऱ्या जिवाविषयी पहिला प्रश्न असावा तो हा: याला इथे काय टोचतंय? त्याचं उत्तर बहुतेक वेळा त्या जिवात नसतं, आपण मांडलेल्या घरात असतं.

या खेळात एक राक्षसही आहे, आणि त्याचा जन्म कसा होतो ते पाहण्यासारखं आहे. एका जातीच्या स्लाइमने दुसऱ्या जातीचा प्लॉर्ट खाल्ला की तो फुगून मोठा होतो, त्याला लार्गो म्हणतात. त्याच्यात दोन्ही जातींचे गुण उतरतात आणि एका घासाला तो दोन प्रकारचे खडे देतो. एकच माल फार विकला की बाजारात त्याचा भाव पडतो. त्यामुळे नवनव्या जोड्या जमवण्याचा मोह प्रत्येकाला होतो. पण लार्गोच्या तोंडी तिसऱ्या जातीचा प्लॉर्ट लागला की त्याचा टार होतो: काळा, तेलकट, दिसेल त्या स्लाइमला गिळणारा. तो फक्त पाण्याला भितो. त्याच्यावर पाण्याचा मारा करताना मला नेहमी जाणवतं की या जिवाला अशी वृत्ती निसर्गाने दिली नव्हती. वाडगी एकमेकांना खेटून बांधणाऱ्याने, पडलेले खडे वेळेवर न उचलणाऱ्याने आणि एका पोटातून जास्तीत जास्त उत्पन्न काढू पाहणाऱ्याने त्याला घडवलं.

सिल्वाशात राहून हा खेळ खेळताना वाघबारस आठवल्याशिवाय राहत नाही. दादरा आणि नगर हवेलीच्या आणि लगतच्या पालघर, नाशिकच्या डोंगरपट्ट्यात वारली, कोकणा समाज आश्विन वद्य द्वादशीला वाघदेवाची पूजा करतो. दगडावर किंवा लाकडी फळीवर कोरलेला वाघ, बहुधा सोबत चंद्रसूर्य, आणि अंगाला शेंदूर. गुराखी त्याला नैवेद्य दाखवतात आणि आमच्या गुरांना सांभाळ म्हणून साकडं घालतात. त्याच दिवशी इतरत्र मराठी घरांत वसुबारस असते, गाय-वासराची पूजा होते. एकाच तिथीला एकीकडे पाळलेल्या जिवाला ओवाळतात आणि दुसरीकडे न पाळता येणाऱ्या जिवाला नमस्कार करतात. या रानात आता वाघ नाही, बिबट्याचा वावर मात्र आहे. तरी पूजा चालू आहे, कारण तिच्यात वाघाला माणसाळवण्याची इच्छा कधीच नव्हती. त्याची भूक खरी आहे, त्याची वाट ठरलेली आहे, आणि आपली गुरं त्या वाटेवर जातात, एवढं तिने मान्य केलं आहे.

सिल्वाशाजवळच वासोण्याची सिंह सफारी आहे. तिथले आशियाई सिंह मोकळे हिंडतात आणि माणसं जाळीच्या बंद गाडीत बसून त्यांना पाहतात. हीही स्लाइमच्या वाडग्याचीच रीत: सिंहाला कुणी सौम्य केलेलं नाही, सगळी सोय माणसाने स्वतःच्या बाजूने केली आहे. पण गाडीतून खाली उतरताना एक बोच राहतेच. ज्या गीरमध्ये ही जात टिकून राहिली, ते संरक्षित जंगल सुमारे १,४०० चौरस किलोमीटरचं आहे, आणि सफारीचं क्षेत्र मोजक्याच हेक्टरांचं. आपण कितीही आस्थेने बांधलेलं असलं तरी कुंपण ही पाळणाऱ्याची गरज असते, त्या जिवाची नव्हे.

ही गोष्ट खेळ बनवणाऱ्यांनाही उमगली असावी. फार फार रेंजमध्ये सोनेरी स्लाइम क्वचित दिसतो. त्याचा प्लॉर्ट अतिशय मोलाचा, पण माणूस जवळ येताना दिसला की तो पळतो आणि नाहीसा होतो. त्याला पकडता येत नाही, कोंडता येत नाही. दिसलाच तर लांबून खाऊ फेकायचा. नेम लागला तर एखादा खडा मिळतो. इतकी साधनं हाताशी देणाऱ्या खेळाने त्याच्यासाठी कुठलंही वाडगं ठेवलेलं नाही, हे मला फार मोलाचं वाटतं.

खेळातला जीव खोटा असतो. चुकलं तर पुन्हा सुरुवात करता येते. घरी आणलेलं कुत्र्याचं पिल्लू, पिंजऱ्यातला पोपट, कोरड्या गच्चीवर ठेवलेलं कासव यांना ती सवलत नसते. म्हणून नवी जात आणायची ठरली की मी भाचीला आधी वाडगं दाखवायला लावते. ऊन अडतं का, पाणी आहे का, शेजारी कोण आहे, आपण वाडीवर नसताना याला खाऊ कोण घालेल. उत्तरं जुळली नाहीत तर तो स्लाइम आम्ही रानातच राहू देतो. पाळायला घेणं हे प्रेम आहे, आणि हा माझ्या आवारात सुखाने राहू शकणार नाही हे ओळखून हात मागे घेणं हेही तितकंच प्रेम आहे. ते दुसरं प्रेम मुलांना लवकर शिकवायला हवं, कारण मोठेपणी त्यांच्या हाती फक्त वाडगी नसतील, सगळं रान असेल.