पानाचं देणं

माझ्या गच्चीतल्या चिनी कोबीवर दोघांचं ऋण आहे. एक आमच्या शेजारचे नाना, कल्याणच्या लोको शेडमधून निवृत्त झालेले. दुसरी आमच्या इमारतीच्या वॉचमनची बायको, नेपाळची. तिला सगळे दीदी म्हणायचे आणि तीही सगळ्यांना दीदीच म्हणायची. नानांची हिंदी रेल्वेतली, तिची डोंबिवलीत येऊन शिकलेली. इतर बाबतीत दोघांचं फारसं जमत नसे, भाजीपुरतं मात्र छान भागायचं.

नाना प्रयोग परिवाराचे. श्री. अ. दाभोळकरांनी उभी केलेली ही चळवळ. शेतकऱ्याने स्वतः करून बघावं, नोंद ठेवावी आणि दुसऱ्याला सांगावं, एवढाच तिचा आग्रह. तासगावकडच्या द्राक्ष बागायतदारांनी तो मनावर घेतला, आणि नानांनी डोंबिवलीच्या गच्चीवर. रंगाचे रिकामे डबे, रसवंतीवरून आणलेली उसाची चिपाडं, घरचा ओला कचरा आणि पालापाचोळा यांवर त्यांची वांगी-मिरची चालायची. सोबत एक वही. पेरलं कधी, उगवलं कधी, किडलं कधी, सगळं त्यात.

ठाण्याच्या ‘वृक्षवल्ली’ प्रदर्शनातून मी चिनी कोबीची पाकिटं आणली तेव्हा नानांनी ती डोळ्यांजवळ धरून मागची बाजू वाचली. म्हणाले, “अगं, चित्र काय बघतेस? किती दिवसांचं वाण आहे ते बघ, आणि कुठल्या हवेतलं.” वाण निवडण्याचं माझं सगळं शिक्षण या एका वाक्यात झालं.

चिनी कोबीची दोन घराणी. एक गड्डा धरणारं, त्यात बुटका-जाड नापा आणि उंच-सडपातळ मिचिहिली. याला साठ ते ऐंशी दिवस लागतात आणि गड्डा घट्ट व्हायला 15 ते 20 अंशांची हवा लागते. दुसरं घराणं पाक चोयचं. त्याला गड्डाच नाही. जाड देठ, चमच्यासारखी पानं आणि चाळीस-पन्नास दिवसांत काढणी. आपल्याकडे जानेवारीतसुद्धा दुपारी पारा तिशीच्या आसपास असतो. गरम हवेतही गड्डा धरणाऱ्या वाणांसाठी तैवानमधल्या आंतरराष्ट्रीय भाजीपाला संशोधन केंद्राने 1971 साली स्थापना झाल्यापासून खटपट केली. चिनी कोबी हे तिथल्या सुरुवातीच्या मोजक्या पिकांपैकी एक, आणि गंमत म्हणजे त्याच यादीत आपला मूगही होता. पण ते बियाणं आपल्या कोपऱ्यावरच्या दुकानात मिळेलच असं नाही. म्हणून नानांचा निकाल असा, की दोन्ही पेरायचं आणि वहीत लिहायचं.

कोजागिरीनंतर पेरलं. पाक चोय भराभर वाढला. नाप्याची पानं मोठी झाली, आत वळायला लागली आणि अर्ध्यावर थांबली. मी रोज बोटाने दाबून बघत होते. दीदी गच्चीवर कपडे वाळत घालायला आली, तिने खाली बसून एक पान उलटं करून पाहिलं, देठाचा तुकडा मोडून चावला आणि म्हणाली, “दीदी, ये बंद नहीं होगा. पत्ता खाओ. मीठा है.” मग म्हणाली, “ये हमारे रायो की बहन है.”

रायो म्हणजे नेपाळी घरातली रोजची पालेभाजी, मोहरीच्याच जातीची. दीदीने जिन्याखालच्या तेलाच्या डब्यात ती लावलेलीच होती. तिचं बोलणं किती नेमकं होतं ते मला पुढे वाचनात कळलं. चिनी कोबी आपल्या कोबीच्या जातीचा नाहीच, तो सलगम आणि तोरियाच्या जातीचा. त्याची गुणसूत्रं 20, कोबीची 18. काळ्या मोहरीची 16. सलगमाची ही जात आणि काळी मोहरी यांच्या संकरातून आपली 36 गुणसूत्रांची मोहरी झाली. हे नातं 1935 साली जपानमध्ये काम करणाऱ्या वू जांग-चुन या कोरियन वंशाच्या शास्त्रज्ञाने मांडलं. हाच माणूस 1950 मध्ये कोरियात गेला आणि त्या देशाला कोबी-मुळ्याचं स्वतःचं बियाणं मिळवून दिलं. थोडक्यात, दीदी म्हणाली त्याहून नातं जवळचं. बहीण नव्हे, आईच्या घरातली. तेव्हापासून पाक चोयच्या मूगडाळीला मोहरीची फोडणी देताना मला हसू येतं. आईला लेकीची फोडणी!

मोहरी राखणीलाही कामी आली. कोबीच्या शेतात पंचवीस ओळींमागे मोहरीच्या दोन ओळी लावायची शिफारस आहे. चौकोनी ठिपक्यांचा पतंग आधी मोहरीवर जातो. नानांनी गच्चीसाठी त्याचा हिशेब मांडला आणि कडेला मोहरीचे दोन डबे ठेवायला लावले. माव्यावर निंबोळी अर्क, तोही पानाच्या पाठीमागून. आणि पाणी रोज सारखं. एक दिवस कोरडं, दुसऱ्या दिवशी तुडुंब असं झालं तर आतल्या कोवळ्या पानांना कॅल्शियम पोचत नाही आणि कडा करपतात. पाणीकपातीच्या गावात हे सांगणं सोपं नाही. नाना त्यासाठी आदल्या रात्री बादल्या भरून ठेवायचे.

बाहेरची जून पानं मी खतात टाकत असे. दीदीने ती मागून नेली, सुकवून मऊ केली, बरणीत दाबून दाबून भरली, आंबू दिली आणि मग गच्चीवर उन्हात वाळवली. मीठसुद्धा घातलं नाही. हे गुंद्रुक. कोरियात हाच कोबी मिठात घालून किमची करतात आणि घराघरांनी मिळून ती घालण्याच्या प्रथेची युनेस्कोने 2013 साली दखल घेतली. दीदीच्या गुंद्रुकची दखल आमच्या मजल्याने घेतली, ती वासामुळे. पण सार चाखल्यावर तक्रारी थांबल्या.

आता दीदीचं कुटुंब घोडबंदर रोडच्या एका सोसायटीत आहे. जाताना तिने रायोचं बी मला दिलं, मी पाक चोयचं तिला दिलं. नानांचे गुडघे जिना चढू देत नाहीत. जुडी त्यांच्या दारात पोचते, आणि वहीत नोंद झाली का, हे ते आधी विचारतात.

ठाणे-कल्याणकडच्या वाचकाला सांगायचं ते एवढंच. गड्ड्याच्या मागे लागू नका, पाक चोय लावा. दसऱ्यानंतर ते जानेवारीपर्यंत दर पंधरा दिवसांनी थोडं थोडं पेरा. आठ-दहा इंच खोल कुंडी पुरे, दोन रोपांत वीतभर अंतर ठेवा. फेब्रुवारीत फुलावर आलं तर कळ्यांसकट देठ परतून खा. बी धरायचं असेल तर संकरित वाण नको, आणि जवळ सलगम किंवा सरसों फुलू देऊ नका. बाकी अडलं तर आधी आपल्याच इमारतीत विचारा. वॉचमनच्या घरापासून सुरुवात केलीत तर उत्तम.