दोन रकान्यांचे पुस्तक

पावसाळा सरून आश्विनाचे ऊन पडू लागले, की घरातील पुस्तके अंगणात चटईवर मांडावयाची, हा आमच्या घरचा कित्येक वर्षांचा परिपाठ आहे. शिरोड्याची हवा पुस्तकांस मानवत नाही. एकीकडे समुद्र, दुसरीकडे १९३० साली जेथे मिठाचा सत्याग्रह झाला ती मिठागरे. तेव्हा चार महिने कोंडून राहिलेल्या कागदास खारट ओल धरावी, ह्यात नवल ते काय! यंदा मात्र पुस्तके झटकताना आमच्या छातीत धस्स झाले. एका जुन्या पुस्तकाच्या समासातून वाळवीने वाट काढली होती. आणि ते पुस्तक आमचे नव्हते.

ते यहुदी लोकांचे प्रार्थनापुस्तक आहे. पानाच्या एका रकान्यात हिब्रू व दुसऱ्यात मराठी. मराठी भाषांतर जोसेफ एझिकेल राजपूरकर यांचे. मुंबईस नोकरीत असताना एका बेने इस्राएल गृहस्थांचा आमच्याशी फार स्नेह जडला होता. सुमारे पन्नास वर्षांपूर्वी ते सहकुटुंब इस्राएलास गेले, तेव्हा आपल्या पणजोबांचे हे पुस्तक आमच्या हाती देऊन म्हणाले, "तिकडे हे मराठी कोण वाचणार? तुमच्याकडे असू द्या."

बेने इस्राएल म्हणजे अलिबागच्या आसपासच्या किनाऱ्यावर शतकानुशतके राहिलेले यहुदी. नवगावजवळ गलबत फुटून आपले पूर्वज किनाऱ्यास लागले, असे त्यांची परंपरा सांगते. तेल गाळणे हा त्यांचा धंदा आणि शनिवारी घाणा बंद. म्हणून गावकरी त्यांस 'शनिवार तेली' म्हणत. ग्रंथ जवळ नव्हते, हिब्रू विसरून गेली होती. 'शमा' प्रार्थनेचे आरंभीचे शब्द तेवढे मुखी उरले होते. तथापि धर्मशास्त्र नाहीसे झाले नव्हते. ते स्वयंपाकघरात नांदत होते.

ह्याचा अर्थ आम्हांस आमच्याच माजघरात उमगला. देश सोडण्यापूर्वी हे स्नेही एकदा शिरोड्यास आले असता आमच्या आईने मोठ्या हौसेने सुंगटांचे कालवण केले. त्यांनी संकोचाने वाटी बाजूस सारली. ज्यास पंख आणि खवले दोन्ही असतील तोच मासा त्यांस चालतो. बांगडा चालेल, पण कोळंबी, कुर्ल्या, तिसऱ्या वर्ज्य. पूर्वी दावीद राहाबी नावाच्या यहुदी पंडिताने ह्या लोकांची पारख करावी म्हणून त्यांच्या बायकांपुढे नाना जातींचे मासे ठेवले, आणि त्यांनी बिनखवल्यांचे मासे आपण होऊन वेगळे काढले, अशी आख्यायिका आहे. ती त्यांनी त्या वेळी सांगितली, आणि आईने हसत बांगडे साफ करावयास घेतले.

तो दिवस शुक्रवारचा होता. दिवेलागणीनंतर त्यांनी आशीर्वचन म्हणून पावाचा तुकडा मिठास लावला. प्रत्येक अर्पणास मीठ असावे, अशी त्यांच्या शास्त्राची आज्ञा. इ. स. ७० मध्ये यरुशलेमचे मंदिर पडले, वेदी गेली; तेव्हापासून घरचे जेवण हीच वेदी. मीठ शिरोड्याचेच होते. ज्या मिठाकडे आम्ही लहानपणापासून केवळ गावचे उत्पन्न म्हणून पाहत आलो, त्यास असाही एक अर्थ असू शकतो, हे आम्हांस त्या सायंकाळी कळले.

परंतु आचार टिकला तरी विचारास भाषा लागते. ती देण्याचे काम ज्यांनी केले, त्यांत राजपूरकरांचे स्थान मोठे आहे. त्यांचा जन्म १८३४ चा व मृत्यू १९०५ चा. मुंबईच्या डेव्हिड ससून बेनेव्होलंट इन्स्टिट्यूशन ह्या शाळेचे ते दीर्घकाळ मुख्याध्यापक होते. १८७१ साली मुंबई विद्यापीठाने त्यांस हिब्रूचे परीक्षक नेमले. शाळा सांभाळून त्यांनी सुमारे वीस हिब्रू प्रार्थनाग्रंथ मराठीत आणले. त्यापूर्वी, १८३२ मध्ये, हिब्रूचे व्याकरण मराठीत लिहिले ते जॉन विल्सन ह्या मिशनऱ्याने. मिशनऱ्यांचा हेतू उघड होता. पण त्यांच्या शाळांतून हिब्रू शिकलेल्या पिढीने त्या विद्येचा उपयोग आपल्याच धर्माकडे परतण्यासाठी केला. १८८० च्या सुमारास तर मोशे, एलिया इत्यादिकांची चरित्रे मराठी कीर्तनांतून गाइली जाऊ लागली.

असे भाषांतर म्हणजे केवळ शब्दास शब्द नव्हे. 'मित्स्वा' हा एकच शब्द घ्या. त्यास 'आज्ञा' म्हणावे, तर राजाचा हुकूम डोळ्यांपुढे येतो. 'पुण्य' म्हणावे, तर फळाची आशा येऊन चिकटते. मूळ शब्दात आज्ञा आहे, तिचे पालन आहे, आणि तसे करावयास मिळाल्याचा आनंदही आहे. आमच्या मराठी शब्दांवर पुराणांचे आणि संतवाणीचे संस्कार. ते पुसून टाकावेत तर भाषा निर्जीव होते, ठेवावेत तर अर्थ भलतीकडे जातो. राजपूरकरांची लेखणी हयातभर ह्या अडचणीतून वाट काढीत राहिली.

कोणी विचारील, की देवाची प्रार्थना परभाषेत चालते काय? 'मिश्ना' ह्या प्राचीन धर्मग्रंथाने शमा, मुख्य प्रार्थना व भोजनोत्तर स्तवन कोणत्याही भाषेत म्हणण्यास मुभा दिली आहे. बाराव्या शतकात मैमोनिदीस ह्या थोर यहुदी तत्त्ववेत्त्याने आपला तत्त्वज्ञानावरचा प्रमुख ग्रंथ अरबीतच लिहिला. गीतेचा अर्थ देशी भाषेत सांगणाऱ्या ज्ञानेश्वरांच्या मुलुखात तर हे निराळे समजावून सांगावयास नको. असे असूनही, मराठी वाङ्मयाचे इतिहास हौसेने वाचणाऱ्या आम्हांस राजपूरकरांचे नाव प्रथम कळले ते ह्या पुस्तकावरून, ह्याची आम्हांस लाज वाटते.

ह्या लोकांस पुढे आणखी एका कसोटीस उतरावे लागले. इस्राएलात गेल्यावर त्यांच्याशी विवाह धर्मशास्त्रास धरून होतो काय, अशी शंका तेथील धर्माधिकाऱ्यांनी काढली. मोठी चळवळ झाली आणि १९६४ साली ते सर्वार्थाने यहुदी असल्याचे तेथील सरकारने जाहीर केले. शंका निघाली तेव्हा आमच्याकडील पुस्तकासारखी पुस्तके घरोघर वापरून झिजली होती.

आता प्रश्न वाळवीचा. आमच्याकडे जीर्ण पोथी वाहत्या पाण्यात सोडतात. यहुदी शास्त्राप्रमाणे ईश्वराचे नाव असलेला ग्रंथ टाकता येत नाही. जीर्ण झाला की तो राखून ठेवावयाचा व पुढे स्मशानभूमीत पुरावयाचा. ह्या पुस्तकाचे काय करावे, असे आम्ही स्नेह्यांस लिहून विचारले.

त्यांचे उत्तर आले. अक्षर वाचता येते तोवर पुस्तक पुरावयाचे नाही. पुढे लिहिले होते, "माझी नातवंडे हिब्रूचा रकाना घडाघडा वाचतील, मराठी त्यांस येत नाही. तुम्हांस मराठी कळते, हिब्रू कळत नाही. तेव्हा दोन्ही घरे मिळूनच ते वाचू शकतील."

ज्यांस हिब्रू येत नव्हती त्यांच्यासाठी राजपूरकरांनी मराठी रकाना लिहिला. आज त्यांच्या माणसांस हिब्रू येते आणि तोच रकाना पोरका झाला. तो सांभाळणे आता मराठी वाचणाऱ्यांकडे आले. आम्ही वाळवी झाडली, पुस्तकास ऊन दिले, कडुनिंबाचा पाला घालून ते कोरड्या फडक्यात बांधले, आणि मराठी मजकूर वहीत उतरून काढण्यास आरंभ केला. वय झाले, हात कापतो; रोज दोन पानांहून अधिक होत नाहीत. शनिवारी मात्र ते काम बंद ठेवतो.